जावयाने झुंबर काढलं

“जावईबापू, बटण बंद केलं म्हंजी करंट गेला, असं समजायचं न्हाई बरं का,” खालून अण्णा म्हणाले.

शाळेतून मागून आणलेल्या लोखंडी टेबलावर मी उभा होतो. अनवाणी. एका हातात पक्कड, दुसऱ्या हाताने छताला लोंबणारं पितळी झुंबर धरलेलं. फरशी नुकतीच पुसलेली, अजून ओली.

“अण्णा,” मी म्हणालो, “मी नववीच्या पोरांना वीज शिकवतो. बटण बंद म्हणजे सर्किट तुटलं. सर्किट तुटलं की करंट बंद. विषय संपला.”

“व्हय, ते बी खरंच,” असं म्हणून अण्णा गप्प झाले.

या गोष्टीला एकोणीस वर्षं झाली. अण्णा आता नाहीत. मी आहे, आणि मी आहे याचं कारण त्या सकाळचा पुढचा एक तास आहे. त्या तासात मी मरायला काहीही बाकी ठेवलं नव्हतं. गंमत म्हणजे मला त्यातलं काही कळत नव्हतं, उलट मी फार खुशीत होतो. म्हणून सगळं सांगतो, माझ्या मूर्खपणासकट.

दत्तोबा माळवदे, म्हणजे अण्णा, माझे सासरे. वीज मंडळात एकतीस वर्षं लाइनमन होते. खांबावर चढायचं, तारा जोडायच्या, खाली उतरून सायकल मारत पुढच्या गावाला जायचं, असं त्यांचं आयुष्य गेलं. मी सांगलीतल्या हायस्कुलात विज्ञानाचा शिक्षक. कुणी विचारलं तर मी “सासरे वीज मंडळात होते” एवढंच सांगायचो. समोरच्याला ते साहेब होते असं वाटलं तर वाटू द्यायचो. हे लिहिताना आजही लाज वाटते, पण तसंच होतं.

आमच्या लग्नात त्यांनी माझे पाय धुतले होते. माझ्याहून तीस वर्षांनी मोठा माणूस, पण मला सदानकदा ‘जावईबापू’, ‘तुमी’, ‘बसा’, ‘जेवा’. मी आलो की खुर्चीतून उठायचे. माझ्या शब्दाला त्यांनी कधी उलट शब्द केला नाही. त्यांच्या घराण्यात जावयाला कुणी बोलतच नसे. सुरुवातीला मला संकोच वाटायचा. मग सवय झाली. मग, खरं सांगतो, ते आवडायला लागलं.

पहिलं बाळंतपण माहेरी व्हायचं, पण उज्ज्वलाला शेवटच्या महिन्यात त्रास सुरू झाला आणि डॉक्टरांनी प्रवासाला साफ नाही म्हटलं. मग आटपाडीहून सासू-सासरेच आपली पेटी घेऊन आमच्या फ्लॅटवर आले. मुलगी झाली. सासूबाई स्वयंपाकघरात रुळल्या, पण लेकीच्या घरी राहायचं म्हणजे अण्णांना भारी अवघड. दिवसभर बाल्कनीतल्या स्टुलावर बसायचे, जेवले की आपलं ताट आपणच घासून ठेवायचे. आल्यानंतर दुसऱ्या दिवशी खिशातला टेस्टर काढून ते घरभर हिंडत होते. या पॉइंटला लाव, त्या बटणाला लाव. मी पेपर तपासत बसलो होतो. म्हटलं, “अण्णा, रिटायर झालात ना? आराम करा आता.” त्यांनी लगेच टेस्टर खिशात घातला, परत बाल्कनीत जाऊन बसले.

झुंबर काढलं त्याच्या दुसऱ्या दिवशी बारसं होतं. पाळणा हॉलच्या मधोमध बांधायचा ठरला होता, आणि त्याच्या बरोबर डोक्यावर ते झुंबर. आधीच्या मालकाने लावलेलं. पाच काचेची फुलं, मधे पितळेचा गोळा, वजन चांगलं सात-आठ किलो. आम्ही राहायला आल्यापासून ते एकदाही लावलं नव्हतं. त्याचे बल्ब कुठे मिळत नसत, होल्डर जळून काळे पडलेले. फक्त धूळ खायचं आणि पंखा लावला की किणकिणायचं. तान्ह्या पोरीच्या डोक्यावर हे धूड नको, आजच काढायचं, असं मी सकाळी चहा पिता पिता जाहीर केलं.

“वायरमन बोलवा की,” उज्ज्वला आतल्या खोलीतून म्हणाली.

“दोन वायरी तोडायला वायरमन? माझी पदवी काय शोभेला आहे?”

“मग अण्णांना काढू दे.”

“अण्णांनी या वयात टेबलावर चढायचं आणि मी खाली उभं राहून बघायचं? लोक काय म्हणतील?”

तर असा मी वर चढलो होतो, आणि अण्णा दोन्ही हातांनी टेबल धरून खाली उभे होते.

“जावईबापू,” ते पुन्हा म्हणाले, “मेन काढूया का? मी जाऊन येतो खाली. दोन मिन्टं लागतील.”

आमच्या बिल्डिंगमध्ये सगळ्यांचे मीटर खाली जिन्याखालच्या बोर्डवर होते. प्रत्येकाचा मेन स्विच तिथे, चिनी मातीचे फ्यूज तिथे. मी तोंड उघडायच्या आत स्वयंपाकघरातून मिक्सरचा घरघराट सुरू झाला. सासूबाई डिंकाच्या लाडवांसाठी खारीक दळत होत्या.

“तुम्हीच ऐका,” मी म्हणालो. “लाडू राहिले तर सासूबाई मला सोडतील का? मेन-बिन काही नको. बटण बंद आहे, मी स्वतः बघितलंय.”

अण्णांनी वर बघितलं. मग बटणाकडे बघितलं. 

“बरं,” ते म्हणाले. “मग आदी ती काचंची फुलं तेवडी एक-एक उतरवा. बाळंतिणीच्या घरात काच फुटाय नगं. वायरीला मागनं हात घाला. मी जरा पान खाऊन येतो.”

“आत्ता पान? आणि टेबल कोण धरणार?”

“आलोच. फुलं काडूस्तवर टेबल हालत न्हाई.” आणि पायात चपला सरकवून ते गेलेसुद्धा.

मला राग आला. म्हटलं, बघा, मदतीची वेळ आली की यांना पान आठवतं. पण काचेचं सांगितलेलं पटलं होतं. मी एक फूल फिरवून काढलं, वाकून टेबलाच्या कडेला ठेवलं. दुसरं काढलं. तिसरं घट्ट बसलं होतं, त्याच्याशी झटापट चालू होती तेवढ्यात मिक्सरची घरघर एकदम थांबली.

“गेली बाई लाईट!” सासूबाई आतून ओरडल्या.

त्या काळात लोडशेडिंगचा नुसता सुळसुळाट होता. आमच्याकडे बाराला जायची ती तीनला यायची. आज साडेदहालाच गेली होती, पण मी म्हटलं, वा, देवच पावला! आता तर शंकेलाच जागा नाही. उरलेली फुलं पटापटा काढली. झुंबर कडीतून उचललं, पक्कड मारून दोन्ही वायरी तोडल्या, आणि ते सगळं धूड पोटाशी धरून खाली ठेवलं. घामाघूम झालो, पण काय समाधान! परत वर चढलो. छतातल्या भोकातून दोन वायरी दीड हात लोंबत होत्या. त्यांची तोंडं बंद केली की काम फत्ते.

टेपचा जुना रोल ड्रॉवरमध्ये सापडला होता. त्यात हातभरच टेप उरली होती, तीही चिकटून बसलेली. दोन वायरींना वेगवेगळी कुठून पुरणार? मी विचार केला, दोन्ही एकत्र पिळू आणि वरून एकच गाठ मारू. हे मी केलं. नववीला वीज शिकवणाऱ्या माणसाने केलं! पण पिळायच्या तर टोकं सोलायला हवीत. पक्कड खाली राहिली होती. कोण उतरणार? मी वायर तोंडात धरली, दाढेखाली दाबली आणि खसकन ओढून सोलली. मग दुसरी. आमच्यात सगळेच असं करतात. लाउडस्पीकर जोडणारी पोरं करतात, गणपतीत आरास करणारे करतात. त्यात काही विशेष वाटत नाही.

तेवढ्यात खालून भांडण ऐकू आलं.

“अहो, मी म्हणतो सोडा! सोडा की ओ!” हा आवाज पहिल्या मजल्यावरच्या मगदूम काकांचा. काका म्हणजे बिल्डिंगचा हक्काचा मदतनीस. आमच्याकडे मेन सारखे पडायचे, म्हणून एक रिवाजच पडला होता. जो कोणी जिन्याखालून जाईल त्याने बोर्डकडे एक नजर टाकायची, कुणाचा स्विच पडलेला दिसला तर वर करायचा आणि मोठ्याने सांगायचं, “केला हो चालू!” काका तर या कामासाठी दिवसातून चारदा खाली उतरायचे. कुणाचा फ्यूज उडाला तर स्वतःच्या घरातून तार आणून बसवायचे.

“हात लावायचा न्हाई,” हा दुसरा आवाज अण्णांचा. असा आवाज मी त्यांच्या तोंडून कधी ऐकला नव्हता.

“अहो, पण का नाही? कारण तर सांगा!”

“कारण-बिरण काय न्हाई. हात लावायचा न्हाई म्हंजी न्हाई.”

मी टेबलावरून उतरलो, बाल्कनीत गेलो. दुसऱ्या मजल्यावरून जिन्याखालचं निम्मं दिसायचं. अण्णा एका उपड्या बादलीवर बसले होते, पाठ मीटरच्या बोर्डला टेकवून, दोन्ही हात मागे पसरून. अंगातला सदरा घामाने चिकटलेला. समोर मगदूम काका, हातात काहीतरी घेऊन उभे. तळमजल्यावरच्या दोन बायका दारातून बघत होत्या. वॉचमन हसत होता. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. उद्या घरी बारसं, सगळी बिल्डिंग येणार, आणि आमचे सासरे जिन्याखाली बसून तमाशा करतायत!

“अण्णा!” मी वरून ओरडलो. “काय चाललंय? वर या बघू!”

अण्णांनी मान वर केली. “आलोच, जावईबापू. तुमचं होऊ द्या.”

“माझं होईल! लोकांच्या मीटरपाशी काय करताय? या बिल्डिंगमध्ये माझी काही इज्जत आहे की नाही?”

“अहो सर,” मगदूम काकांनी हात वर केला, “बरं झालं आलात. मी यांना म्हणतोय की लाईट—”

“काका, लक्ष देऊ नका हो त्यांच्याकडे,” मी म्हणालो. “खेड्यातली सवय. लाईट गेली की मीटरपाशी जाऊन बसायचं. नंतर बोलू, माझं काम अर्धं राहिलंय.”

दारातल्या बायका हसल्या. अण्णा माझ्याकडे बघत होते. चेहऱ्यावर ना राग, ना काही. फक्त जागचे हलले नाहीत. मी पाय आपटत आत आलो.

टेबलावर चढून दोन्ही टोकं एकत्र पिळली, वर टेप गुंडाळली. ती नीट चिकटेना. जेवढी बसली तेवढी बसवली, वायरी भोकात कोंबल्या आणि उतरलो. खालून अण्णांची हाक आली.

“झालं का, जावईबापू?”

“झालं!”

“खाली उतरला का?”

“उतरलो हो!”

“टेबलापास्नं लांब झाला का?”

काय हा प्रश्न! “झालो!” मी वैतागून ओरडलो. क्षणभराने पंखा फिरायला लागला आणि मिक्सरने परत घरघर सुरू केली. सासूबाई म्हणाल्या, “आज लवकर आली बाई.” मलाही वाटलं, बरं झालं, लवकर आली.

अण्णा वर आले. जिना चढून दम लागला होता. त्यांनी आधी छताकडे बघितलं, मग मला पायापासून डोक्यापर्यंत बघितलं. मग माझ्या हातातला टेपचा उरलेला तुकडा घेतला, भिंतीपाशी गेले आणि तो झुंबराच्या बटणावर आडवा चिकटवला.

“ह्ये बटण कुणी दाबायचं न्हाई,” ते म्हणाले.

“का?” माझा राग अजून उतरला नव्हता. “आता तिथे दिवाच नाही. दाबलं तर काय होणार आहे? हे बघा.” आणि मी बोट पुढे केलं.

अण्णांनी माझं मनगट पकडलं. लग्नाला चार वर्षं झाली होती, आणि लग्नात पाय धुतले ते सोडून एवढ्या वर्षांत या माणसाने मला नमस्कारापुरताही हात लावला नव्हता. आता त्यांची पकड इतकी घट्ट होती की मला दुखलं.

“नगं,” ते म्हणाले. “मी पाया पडतो तुमच्या, पर नगं.”

मी काही बोलणार, तोच उघड्या दारातून मगदूम काका आत शिरले. हातात फ्यूज, नाकाचा शेंडा लाल.

“सर, मला राग यायचं कारण नाही, मी आपला माणुसकीनं गेलो,” काकांनी सुरुवात केली. “बघतो तर तुमचा मेन पडलेला, फ्यूज गायब. म्हटलं, बाळंतिणीचं घर, गरमी केवढी. घरी गेलो, माझ्याकडचा जादाचा फ्यूज घेऊन आलो. तर हे गृहस्थ आडवे! दोनदा गेलो, दोनदा आडवे. कारण विचारलं तर सांगत नाहीत. तुमचा फ्यूज ह्यांनी स्वतःच्या खिशात घातलेला!”

“काका, काहीतरी गैरसमज होतोय,” मी म्हणालो. “लोडशेडिंग होतं ना.”

“कुठलं लोडशेडिंग? आमच्या घरी टीव्ही चालू होता की! सबंध बिल्डिंगमध्ये लाईट होती. फक्त तुमची नव्हती, आणि ती ह्यांनी घालवली होती. मघाशी तेच सांगत होतो, तर तुम्ही ऐकून कुठं घेता!”

मी अण्णांकडे वळलो. ते खाली फरशीकडे बघत होते. चोरी सापडल्यावर माणूस उभा राहतो तसे उभे.

“अण्णा, लाईट गेली नव्हती?”

“न्हाई.”

“तुम्ही मेन काढला होता?”

“व्हय.”

“पण बटण तर बंद होतं.”

अण्णांनी खिशातला टेस्टर काढला. मीच म्हणालो, “दाखवा मला.” 

त्यांनी स्वयंपाकघरातून लाकडी पाट मागवून टेबलावर ठेवला. पायात चपला तशाच ठेवल्या, अडुसष्टाव्या वर्षी सहज वर चढले, डावा हात पाठीमागे धरला. उजव्या हाताने टेस्टरच्या टोकाने भोकातली गाठ बाहेर ओढली आणि ते टोक माझ्या अर्धवट टेपमधून आत सरकवलं.

टेस्टरमधला दिवा लालभडक पेटला.

“बटण बंद हाय न्हवं? तुमीच बगा,” अण्णा वरून म्हणाले.

मी बघितलं. बंद होतं. वर टेप चिकटवलेली.

“कुणीतरी बटण करंट येणाऱ्या वायरीवर न्हाई, उलट्या, परतीच्या वायरीवर बशिवलंय,” अण्णा सांगायला लागले. अजूनही आवाजात अजिजी, जणू चूक त्यांचीच. “जुन्या बिल्डिंगीत लई ठिकाणी असतंय. बटण बंद केलं की दिवा इझतोय, पर करंट वरपातूर तसाच येऊन थांबतोय. आल्या आल्या टेस्टर लावला तवाच कळलं हुतं. सांगणार हुतो.”

“मग सांगितलं का नाही?”

“तुमी म्हणाला, आराम करा.”

 आतून उज्ज्वला पोरीला छातीशी धरून दारात येऊन उभी राहिली होती. मगदूम काकांनी हातातला फ्यूज हळूच खिशात घातला.

“आणि काकांना तरी सांगायचं होतं,” मी म्हणालो. “तासभर भांडलात. एका वाक्यात सांगितलं असतं तर ते थांबले असते.”

“काय सांगू? माझ्या जावयाला कळत न्हाई, त्यो जित्या वायरीला हात घालून बसलाय, असं? उंद्या सगळी मानसं तुमच्या घरला येणार. चारचौघांत तुमची मान खाली गेली असती.”

मघाशी बाल्कनीतून मी यांना काय काय बोललो होतो, ते शब्द न् शब्द आठवले. मला त्या क्षणी जमिनीत गाडून घ्यावंसं वाटलं.

अण्णा अजून वरच होते. त्यांनी चष्मा कपाळावरून डोळ्यांवर ओढला आणि हात न लावता टेपमधून डोकावणारी वायर निरखली.

“ही सोलली कशानं?” ते म्हणाले. “पकडीची खूण न्हाई ही.”

 मी नुसतं बोट तोंडाकडे नेलं.

अण्णांच्या हातातला टेस्टर खाली पडला. ते टेबलावर मटकन बसले.  दातात! तोवर त्यांना वाटत होतं की जावयाने फार तर बोट लावलं असेल. आणि माझ्या डोळ्यासमोर आलं ते एवढंच: ओल्या फरशीवरचं लोखंडी टेबल, अनवाणी मी, तोंडात ती तार, आणि खाली हातात जादाचा फ्यूज घेऊन उभे असलेले भले मगदूम काका. माझी पोर अकरा दिवसांची होती. मी जिथे होतो तिथेच फरशीवर बसलो.

“आवं…” अण्णांनी तोंड उघडलं. गळ्याच्या शिरा फुगल्या. पण परत त्यांनी ओठ मिटले, मान फिरवली.

“बोला ना, अण्णा.”

“न्हाई.”

“बोला. मला शिव्या द्या. तोंडात मारा माझ्या.”

“जावयाला कसं बोलायचं?”

“जावई आहे म्हणूनच आज मेलो असतो!” मी ओरडलो, आणि मला रडूच आलं. लहान पोरासारखा हुंदके देऊन रडलो, मगदूम काकांच्या देखत. “माझे वडील मी सहावीत असताना गेले, अण्णा. त्यानंतर मला कुणी ओरडलंच नाही. तुम्ही तरी ओरडा. मला अच्युत म्हणा. अरे म्हणा, कारे म्हणा, पण इथून पुढे मी चुकलो की गप्प बसू नका. तुमच्या पाया पडतो.”

मी खरंच त्यांच्या पायावर डोकं ठेवलं. टेबलावरून लोंबणारे, चपला घातलेले, भेगा पडलेले पाय. त्यांनी ते दचकून मागे ओढले.  मग वरून आवाज आला.

“गाढवा!”

मी मान वर केली नाही.

“दातानं सोलतो? दातानं? आरं, शाळंत पोरांना काय शिकिवतोस? एकतीस वर्सं मी खांबावर काडली, एकदा टेस्टर लावल्याबिगर तारंला बोट लावलं न्हाई! आन् दोन वायरी एकात एक पिळल्यास? कुणी बटण दाबलं आसतं तर भडका उडाला आसता, त्या लेकराच्या पाळण्यावर! डोस्कं हाय का खोकं?”

“अण्णा!” उज्ज्वला घाबरून पुढे आली. “अहो, काय बोलताय? जावई आहेत ते!”

“तू मधे पडू नगंस!” अण्णा गरजले. “मी माज्या अच्युतशी बोलतोय.”

‘माज्या अच्युतशी.’ एवढं कुणी मला कधी दिलं नव्हतं. मी फरशीवर बसून ऐकत राहिलो. ते चार वर्षांचं सगळं बोलले. मी मोटरसायकल कशी चालवतो, त्यांच्या लेकीशी हळू आवाजात कसं बोलत नाही, दुसऱ्याचं बोलणं मधेच कसं तोडतो, काही म्हणजे काही शिल्लक ठेवलं नाही. प्रत्येक वाक्य खरं होतं. मगदूम काका दारात उभे राहून मान डोलावत होते.

बोलून झाल्यावर अण्णा टेबलावरून उतरले. धोतराच्या सोग्याने तोंड पुसलं. पेटीतून पांढऱ्या प्लास्टिकचे दोन छोटे कनेक्टर, नवा टेपचा रोल आणि एक गोल झाकण काढलं. हे सगळं त्यांच्याकडे आधीपासून होतं.

“आता नीट ऐक,” ते म्हणाले. “मी खाली जाऊन मेन काडतो. माझी हाक आली की वर चड. पाटावर हुबा ऱ्हा, चपला घाल. पयल्यांदा टेस्टर. दोनी वायरींना लाव. पेटला न्हाई, तरी येकाच येळंला इश्वास ठेवू नगंस, परत लाव. मग ती गाठ सोड. दातानं चावल्यालं टोक कापून टाक. येका वायरीला येक कनेक्टर, दुसरीला दुसरा. दोगींचं तोंड येगळं. वर टेप, मग झाकण. कळलं?”

“कळलं, अण्णा.”

“मी जातो की खाली,” मगदूम काका पुढे झाले. मघाचा राग कुठल्या कुठे गेला होता. “बोर्डपाशी मी बसतो. कोण हात लावतो बघतोच.”

“तुमी संगं या,” अण्णा म्हणाले, “पर बादलीवर मीच बसणार. आमच्यात वर आपला मानूस चडला, की खाली आपणच बसायचं असतंय.”

दोघं जिना उतरून गेले. मी पाट नीट सारखा केला, चपला घातल्या, अण्णांचा टेस्टर शर्टाच्या खिशात घातला. उज्ज्वला पोरीला घेऊन दारात उभी होती. थोड्या वेळाने पंखा हळूहळू थांबला, मिक्सर बंद पडला. या वेळी सासूबाई काही बोलल्या नाहीत. त्या हात पुसत बाहेर आल्या आणि त्यांनी दोन्ही हातांनी टेबल धरलं.

मी टेबलाला हात लावला, पण पाय वर उचलेना. 

तेवढ्यात खालून हाक आली. सबंध बिल्डिंगला ऐकू जाईल अशी, खांबावरच्या माणसाला मारतात तसली.

“अच्युत! चड रं! घाई करू नगंस, मी हाय खाली!”

“होय अण्णा!” मी तेवढ्याच मोठ्याने ओरडलो आणि वर चढलो.